अठ्ठ्याऐंशी हुलकावण्या

सामना सुरू व्हायला अजून बराच अवकाश होता. तारीख २८ डिसेंबर १९५८, स्थळ न्यूयॉर्कचे यांकी स्टेडियम. थंडीचे दिवस, त्यामुळे मैदानाची जमीन कुठे घट्ट, कुठे मऊ, कुठे निसरडी झालेली. अशा वेळी बाल्टिमोर कोल्ट्स संघाचा एक उंच, किडकिडीत खेळाडू खाली मान घालून मैदानभर फिरत होता. मध्येच थांबायचा, बुटाने जमीन चाचपायचा आणि पुढे जायचा. पाय कुठे सटकेल, कुठे नीट रुतेल, हे तो मनाशी नोंदवून ठेवत होता. धावता धावता एकदम वळायचे ते कुठे आणि कुठे नाही, हे त्याला आधीच ठाऊक असायला हवे होते.

त्याचे नाव रेमंड बेरी. त्या दिवशी संध्याकाळी तो अमेरिकाभर माहीत झाला. पुढे सत्तावीस वर्षांनी त्याने प्रशिक्षक म्हणून एका सामान्य समजल्या जाणाऱ्या संघाला त्या खेळातल्या सर्वात मोठ्या सामन्यापर्यंत नेले, आणि तिथे त्या संघाचा दणदणीत पराभवही पाहिला. आपल्याकडे अमेरिकन फुटबॉल कोणी खेळत नाही. अमेरिकेत मुलगा-सून असलेले आईवडील हिवाळ्यात तिकडे गेले, तर एखाद्या रविवारी शिरस्त्राणे घातलेली माणसे एकमेकांच्या अंगावर कोसळताना टीव्हीवर पाहतात आणि ‘यात खेळ तो कुठला?’ असे विचारतात. प्रश्न रास्त आहे. पण बेरीची कहाणी त्या धसमुसळेपणाची नाही. गुण अंगचा असतो की कमावता येतो आणि कमावलेला गुण दुसऱ्याच्या हाती देता येतो का, हा जो प्रश्न प्रत्येक घरात, प्रत्येक शाळेत कधी ना कधी पडतो, त्याची ती कहाणी आहे.

खेळ थोडक्यात सांगायला हवा. शंभर यार्डांचे मैदान, दोन्ही बाजूंना अकरा-अकरा खेळाडू, चेंडू दोन्ही टोकांना निमुळता. चेंडू ज्यांच्याकडे, त्यांना चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे असते. सरकले तर आणखी चार प्रयत्न, नाही तर चेंडू प्रतिपक्षाकडे. पुढे जाण्याच्या वाटा दोन: चेंडू पोटाशी धरून गर्दीतून घुसायचे किंवा तो हवेतून पुढे फेकायचा. फेकणारा तो क्वार्टरबॅक, संघाचा सूत्रधार. ज्याने तो झेलायचा तो रिसीव्हर. रिसीव्हरवर पाळत ठेवायला प्रतिपक्षाचा एक चपळ गडी असतो, आणि त्याला हूल देऊन क्षणभर मोकळे होणे हेच रिसीव्हरचे खरे काम. झेल नंतरचा. उत्तम जोडी असेल, तर रिसीव्हर वळण्याआधीच चेंडू हातातून सुटलेला असतो. तो वळेल, अमुक जागी वळेल आणि अमुक क्षणी वळेल, एवढ्या भरवशावर तो फेकलेला असतो.

या कामाला वेग लागतो, आणि बेरीकडे तोच बेताचा होता. १९३३ साली टेक्सासमध्ये त्याचा जन्म झाला. त्याच राज्यातल्या पॅरिस नावाच्या गावी वडील शाळेच्या संघाचे प्रशिक्षक होते. प्रशिक्षकाचा मुलगा म्हटल्यावर संघातली जागा ठरलेली, असे आपल्याला वाटेल. पण वडिलांनी शाळेच्या शेवटच्या वर्षापर्यंत त्याला पहिल्या अकरांत खेळवले नाही. ही शिस्त की कठोरपणा, यावर घराघरांत दोन मते पडतील. माझे मत वडिलांच्या बाजूने नाही. मुलाला खेळू न देणे हा शिकवण्याचा एक मार्ग असला, तरी तो फार थोड्या मुलांना मानवतो आणि बाकीची मुले गुपचूप खेळ सोडून देतात. रेमंडने सोडला नाही, एवढेच.

पुढे सदर्न मेथडिस्ट विद्यापीठात तीन हंगामांत मिळून त्याने ३३ झेल घेतले. व्यावसायिक संघ दरवर्षी विद्यापीठांतून खेळाडू निवडतात. १९५४च्या निवडीत बेरीचे नाव विसाव्या फेरीत आले. त्याच्या आधी दोनशेहून जास्त खेळाडू निवडले गेले होते. एवढ्या खालची निवड म्हणजे जवळजवळ उपकारच. १९५५ साली तो बाल्टिमोरला आला. पहिल्या हंगामात झेल किती? तेरा. पुढच्या वर्षी आपली जागा राहते की जाते, अशी धास्ती त्याला होती, आणि ती अनाठायी नव्हती.

१९५६ साली त्याच संघात दुसरा एक नाकारलेला माणूस दाखल झाला. जॉनी युनायटसला पिट्सबर्गच्या संघाने आदल्या वर्षी एकाही सामन्यात न खेळवता घरी पाठवले होते. बांधकामावर मजुरी करून तो एका हौशी संघातून, सामन्याला सहा डॉलरच्या बोलीवर, खेळत असे. हे दोघे भेटले आणि त्यांनी एक साधी गोष्ट सुरू केली. सराव संपून बाकीचे खेळाडू आंघोळीला गेले की हे दोघे मैदानावर थांबत. एक फेकायचा, एक धावायचा. तेच वळण, तेच अंतर, तोच क्षण, पुन्हा पुन्हा.

बेरीच्या सरावाच्या ज्या हकिगती अमेरिकेत सांगितल्या जातात त्या पहिल्यांदा ऐकताना हसू येते. पाळत ठेवणाऱ्याला चकवण्याच्या ८८ हुलकावण्या त्याने मोजून ठेवल्या होत्या आणि त्या सगळ्यांचा तो दर आठवड्याला सराव करी. बोटांत बळ यावे म्हणून लहान मुलांच्या खेळण्यातला ‘सिली पटी’ नावाचा चिवट गोळा तो वेळी-अवेळी दाबत बसे. डोळे अधू होते, म्हणून मैदानावर तो कॉन्टॅक्ट लेन्स लावी, तेही त्या काळात, जेव्हा त्या फार थोड्या लोकांना माहीत होत्या. पाठीचे दुखणे होते, त्यासाठी पट्टा बांधी. सुट्टीत फेकायला कोणी नसले की पत्नीला मैदानावर नेई आणि तिच्याकडून चेंडू फेकून घेई. घरी प्रोजेक्टर लावून तो सामन्यांच्या फिती पाही. नजर चेंडूवर नसे. ज्याला चकवायचे त्याच्या पावलांवर असे. हा कोणत्या पायावर भार देतो, कधी फसतो, कधी फसत नाही, याच्या नोंदी तो वहीत करी.

यातली प्रत्येक गोष्ट कोणालाही करता येण्यासारखी आहे. म्हणूनच ती कोणी करत नाही. ज्याला चेंडू सहज झेलता येतो त्याला झेल म्हणजे एक अखंड क्रिया वाटते. बेरीला तो सहज येत नव्हता, म्हणून त्याने त्याचे तुकडे केले: डोक्यावरून येणारा, खांद्यामागून येणारा, गुडघ्याखालचा, एका हाताने घ्यायचा, सीमारेषेवर दोन्ही पावले आत ठेवून घ्यायचा. प्रत्येक तुकडा वेगळा घोटला. चेंडू हाती आल्यावर तो सुटू न देण्याचाही त्याने वेगळा सराव केला, आणि तेरा हंगामांत त्याच्या हातून चेंडू निसटल्याचे प्रसंग बोटांवर मोजण्याइतकेच आहेत.

आता त्या डिसेंबरच्या संध्याकाळकडे परत येऊ. अंतिम सामना, प्रतिपक्ष न्यूयॉर्क जायंट्स. मध्यंतराला बाल्टिमोर १४-३ असे पुढे होते, पण उत्तरार्धात जायंट्सने १७-१४ अशी आघाडी घेतली. सामना संपायला दोन मिनिटे उरली आणि बाल्टिमोरकडे चेंडू आला तो स्वतःच्या टोकापासून अवघ्या १४ यार्डांवर. सगळे मैदान पुढे पडलेले.

अशा वेळी एक डाव ठरला. दोन्ही संघ समोरासमोर उभे राहिले आणि जायंट्सचा हार्लंड स्वेअर आपली नेहमीची जागा सोडून सरळ बेरीच्या पुढ्यात येऊन उभा राहिला. ठरलेला डाव आता चालणार नव्हता आणि बोलायला वेळ नव्हता. पण खूप पूर्वी एकदा सरावानंतर बेरी आणि युनायटस यांच्यात बोलणे झाले होते, की समोरचा असा अंगावर येऊन उभा राहिला तर काय करायचे. ते पुन्हा कधी वापरायची वेळच आली नव्हती. बेरीने युनायटसकडे पाहिले, युनायटसने बेरीकडे. चेंडू सुटला तसा बेरीने बाहेर जाण्याची हूल दिली आणि तो आत घुसला. चेंडू तिथे हजर होता. पंचवीस यार्ड. पाठोपाठ आणखी दोन झेल, पंधरा आणि बावीस यार्डांचे. ओळीने तीन फेकी, तीनही बेरीकडे, ६२ यार्ड. सात सेकंद उरले असताना स्टीव्ह मायराने चेंडू खांबांमधून मारून १७-१७ अशी बरोबरी साधली. अंतिम सामन्यात जादा वेळ खेळला जाण्याची ती पहिलीच वेळ. त्यात ऍलन अमीचीने गोलरेषा ओलांडली आणि बाल्टिमोर २३-१७ असे जिंकले. बेरीचे त्या सामन्यात १२ झेल, १७८ यार्ड आणि एक टचडाउन. कोट्यवधी लोकांनी हा सामना टीव्हीवर पाहिला. अमेरिकेत बेसबॉलला मागे टाकून फुटबॉल पुढे आला त्याची सुरुवात या संध्याकाळी झाली असे तिकडचे जाणकार मानतात.

१९६७च्या हंगामानंतर बेरी निवृत्त झाला तेव्हा ६३१ झेल आणि ९,२७५ यार्ड त्याच्या नावावर होते. तोवर कोणत्याही रिसीव्हरने इतके केले नव्हते. १९७३ साली त्याला ‘हॉल ऑफ फेम’मध्ये मानाचे स्थान मिळाले.

खरी परीक्षा इथून पुढे आहे. मोठा खेळाडू मोठा शिक्षक होईलच असे नाही, उलट बहुधा होत नाही. कपिल देव १९९९ साली भारतीय संघाचे प्रशिक्षक झाले आणि वर्षभरही टिकले नाहीत. आचरेकर सर प्रथम श्रेणीचा एकच सामना खेळले आणि त्यांच्या हाताखालून सचिन तेंडुलकर निघाला. ज्याला देणगी मिळाली त्याला ती उलगडून सांगता येत नाही, कारण त्याने ती कधी उलगडून पाहिलेलीच नसते. बेरीचे मात्र उलटे होते. त्याची सगळी विद्या तुकड्यांत होती आणि तुकडे दुसऱ्याच्या हाती देता येतात. निदान तसे वाटते.

डलास, मग आर्कान्सा विद्यापीठ, डेट्रॉइट, क्लीव्हलंड आणि १९७८ पासून बोस्टनजवळचा न्यू इंग्लंड पेट्रियट्स संघ, असा चौदा वर्षे तो सहाय्यक प्रशिक्षक म्हणून फिरला. प्रशिक्षकाची नोकरी म्हणजे बदलीची नोकरी. मुख्य प्रशिक्षक गेला की त्याच्याबरोबर सगळे बिऱ्हाड उठते. १९८१ नंतर बेरीचीही नोकरी गेली आणि तो खेळाच्या बाहेर, खासगी व्यवसायात रमला. मग ऑक्टोबर १९८४ मध्ये, ऐन हंगामात, पेट्रियट्सने आपल्या मुख्य प्रशिक्षकाला काढले आणि बेरीला बोलावले. वय ५१, आणि मुख्य प्रशिक्षकपद पहिल्यांदाच. आधीच्या माणसाशी खेळाडूंचे पटत नव्हते. या शांत, आवाज न चढवणाऱ्या गृहस्थाने एका दिवसात जो मान मिळवला तो आधीच्याला तीन वर्षांत मिळाला नव्हता, अशा अर्थाचे त्यांच्यातला एक जण बोलून गेला.

१९८५चा हंगाम सुरू झाला तो वाईट. पाच सामन्यांत तीन पराभव, आणि तरुण क्वार्टरबॅक टॉनी ईसन जायबंदी. मग बाकावर बसलेला जुना स्टीव्ह ग्रोगन आत आला. डाव कोणता टाकायचा हे ठरवायचे कामही बेरीने त्याच्याकडेच सोपवले. संघ ओळीने सहा सामने जिंकला. पुढे ग्रोगनचा पाय मोडला आणि ईसन परतला. अकरा विजय, पाच पराभव. बाद फेरीत प्रवेश मिळाला खरा, पण सगळे सामने परक्या मैदानावर खेळायचे या अटीवर.

त्या तीन सामन्यांत बेरीच्या शिकवणुकीचा एक तुकडा लख्ख दिसला. आयुष्यभर ज्याने चेंडू सुटू नये म्हणून मेहनत घेतली, त्याला चेंडू कसा सुटतो हेही नेमके कळले होते. पाडायला जाताना हात कुठे घालायचा, चेंडूवर ठोसा कसा मारायचा, पडलेल्या चेंडूवर झेप कशी घ्यायची, हे तो आपल्या बचावपटूंकडून रोज करून घेई. न्यूयॉर्क जेट्सविरुद्ध प्रतिस्पर्ध्याच्या हातून निसटलेला चेंडू उचलून पेट्रियट्सने टचडाउन केला. निकाल २६-१४. रेडर्सविरुद्ध लॉस एंजेलिसमध्ये निर्णायक टचडाउन तसाच आला, गोलरेषेपलीकडे निसटलेल्या चेंडूवर झेप घेऊन. निकाल २७-२०. मग मायामी. तिथल्या ऑरेंज बोलमध्ये पेट्रियट्स १९६६ पासून एकदाही जिंकले नव्हते. ओळीने अठरा पराभव! त्या दिवशी मायामीने सहा वेळा चेंडू गमावला आणि पेट्रियट्स ३१-१४ असे जिंकले. तीन सामने परक्या मैदानावर जिंकून सुपर बोलला पोहोचणारा तो पहिला संघ.

मायामीच्या सामन्यातला एक आकडा मला फार बोलका वाटतो. पेट्रियट्सने त्या दिवशी ५९ वेळा चेंडू घेऊन धाव घेतली आणि हवेतून फेकला फक्त १२ वेळा. आपल्या काळातला सर्वात मोठा रिसीव्हर प्रशिक्षक असताना चेंडू फेकायचाच नाही, हे त्याला कसे सुचले असेल? पाऊस पडत होता, संघाची ताकद धावण्यात होती आणि समोरच्या संघाची कमजोरी तिथेच होती. आपल्याला जे येते ते बाजूला ठेवून पोरांना जे येते ते त्याने खेळवले. पुष्कळ शिक्षकांना हे आयुष्यभर जमत नाही.

आणि दोनच आठवड्यांनी त्याने नेमके उलटे केले. २६ जानेवारी १९८६, न्यू ऑर्लिन्स. समोर शिकागो बेअर्स, ज्यांचा बचाव त्या खेळाच्या इतिहासातल्या सर्वोत्तम बचावांपैकी गणला जातो. दुसऱ्याच डावात बेअर्सच्या वॉल्टर पेटनच्या हातून चेंडू सुटला आणि पेट्रियट्सने तो गोलरेषेपासून १९ यार्डांवर पकडला. पुन्हा तीच विद्या फळाला आली होती! आता धावायचे, असे सगळे जग धरून चालले होते. बेरीच्या संघाने ओळीने तीन वेळा चेंडू फेकला, आणि तीनही वेळा तो कोणाच्या हाती लागला नाही. लाथेने मारलेल्या चेंडूचे तीन गुण तेवढे पदरात पडले. त्यानंतर जे झाले त्याला सामना म्हणणे कठीण आहे. ईसनच्या सहापैकी एकही फेक लागू पडली नाही आणि त्याला बाहेर बसवावे लागले. धावून मिळवलेली जमीन साऱ्या सामन्यात सात यार्ड. निकाल ४६-१०.

तीन फेकींचा तो निर्णय चूक होता का? बेअर्स धावण्याची वाट अडवणार हे उघड होते, म्हणून हूल द्यावी, हा विचार अगदी बेरीला शोभणारा. फक्त ती हूल स्वतः द्यायला तो मैदानावर नव्हता. ८८ हुलकावण्या वहीत लिहून देता येतात, पण त्यांच्यामागे सरावानंतरच्या ज्या संध्याकाळी असतात त्या देता येत नाहीत. ईसन काही वाईट खेळाडू नव्हता. पण पुढ्यात अनपेक्षित काही उभे राहिल्यावर ज्याच्याकडे पाहायचे असा युनायटस-बेरीसारखा जोडीदार त्या अकरांत कोणालाच नव्हता. समोरचा संघ जास्त बलवान होता, हेही खरेच. तिथे कोणाचीच विद्या पुरी पडली नसती.

पराभवाची जखम ओली असतानाच संघातल्या काही खेळाडूंच्या अमली पदार्थांच्या व्यसनाची बातमी बोस्टनच्या वृत्तपत्रात आली. बेरीला हे हंगामातच ठाऊक होते. ते त्याने बाहेर फोडले नव्हते, पण झाकूनही सोडायचे नव्हते. त्याने खेळाडूंपुढे स्वखुशीने तपासणी करून घेण्याचा प्रस्ताव ठेवला, आणि सुपर बोलच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी मतदान करून तो मान्यही केला. पण नावे छापून आली, खेळाडूंच्या संघटनेने आक्षेप घेतला आणि योजना बारगळली. नावे गुप्त राहतील या विश्वासावर जे उभे राहिले होते, ते नावे फुटताच कोसळले. मुलांच्या व्यसनाबद्दल घरात मोकळेपणाने बोलू पाहणाऱ्या आईबापांना यातली अडचण वेगळी सांगायला नको.

१९८६ साली पेट्रियट्स पुन्हा बाद फेरीत गेले आणि पहिल्याच सामन्यात डेन्व्हरकडून हरले. मग उतार लागला. १९८९च्या हंगामात पाच विजय, अकरा पराभव. नव्या मालकाने अट घातली: खेळाडू निवडण्याचा अधिकार सोडा, सहाय्यकांत फेरबदल करा. बेरीने नकार दिला आणि त्याला काढण्यात आले. साखळी सामन्यांत एकूण ४८ विजय, ३९ पराभव. आकडा चांगला आहे, थोर नाही.

वर्षभर तो घरी बसला. मग १९९१ साली डेट्रॉइटच्या संघाने त्याला बोलावले, सहाय्यक म्हणून, क्वार्टरबॅकना शिकवण्यासाठी. सुपर बोलपर्यंत संघ नेलेला, हॉल ऑफ फेममध्ये नाव कोरलेला माणूस वयाच्या ५८व्या वर्षी दुसऱ्याच्या हाताखाली पुन्हा मैदानाच्या कडेला उभा राहिला. पुढच्या वर्षी डेन्व्हरला तेच काम. अंतिम सामन्यातला त्याचा १२ झेलांचा विक्रम ५५ वर्षे टिकला. तो २०१४ साली डेन्व्हरच्याच डेमारियस थॉमसने सुपर बोलमध्ये १३ झेल घेऊन मोडला. त्या दिवशी डेन्व्हरचा संघ ४३-८ असा हरला.